कॉन्की शून्य दाखवतोय, नेट मात्र व्यवस्थित चालू आहे

रात्रपाळी | मंगळवार, रात्री ११:४२

मंडळी, जरा मदत हवी आहे.

डेस्कटॉप जुना आहे, चौथ्या पिढीचा आय-फाइव्ह. विंडोज ११ त्यावर बसत नाही आणि विंडोज १० चा सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला, म्हणून लिनक्स मिंट टाकलं. तक्रार काही नाही, उलट मशीन आधीपेक्षा हलकं चालतं. स्क्रीनच्या उजव्या कोपऱ्यात कॉन्की लावलाय, म्हणजे मशीनची माहिती स्क्रीनवर दाखवणारा छोटा प्रोग्रॅम. प्रोसेसरचं तापमान, रॅम आणि खाली डाउनलोड-अपलोडचा वेग. माझं काम रात्रीचं, कॉल सगळे परदेशातले. आवाज तुटायला लागला की नजर आधी त्या आकड्याकडे जाते.

रविवारी पीसीआय एक्सप्रेसच्या रिकाम्या स्लॉटमध्ये अडॅप्टर कार्ड घालून नवी एनव्हीएमई एसएसडी बसवली. तेव्हापासून कॉन्कीत बाकी सगळं बरोबर, पण डाउनलोड ० आणि अपलोडही ०. ब्राउझर चालतो, कॉल चालतात, आत्ता हा धागासुद्धा त्याच मशीनवरून लिहितोय. कॉन्की काढून परत टाकला, काही फरक नाही.

एसएसडीचा आणि नेटच्या मीटरचा काय संबंध? की निव्वळ योगायोग?

बदलापूर_लोकल | मंगळवार, रात्री ११:५५

राउटर बंद करून दहा मिनिटांनी चालू करा. माझं नेहमी यानेच सुटतं.

रात्रपाळी | बुधवार, रात्री १२:०३

अहो, नेट चालू आहे. मीटर बंद आहे.

नाशिकचा_चिवडा | बुधवार, रात्री १२:१०

प्रकाटाआ, म्हणजे प्रतिसाद काढून टाकला आहे. (अँटीव्हायरसबद्दल लिहिलं होतं. लिनक्स आहे हे नंतर वाचलं.)

टर्मिनल_ताई | बुधवार, सकाळी ७:२०

योगायोग वाटत नाही. दोन गोष्टी सांगा:

१. टर्मिनलमध्ये आयपी, स्पेस, लिंक एवढंच टाइप करून एंटर दाबा. जी यादी येईल ती इथे द्या.
२. होम फोल्डरमधली कॉन्कीची कॉन्फिग फाइल उघडा. त्यात डाउनस्पीड हा शब्द शोधा आणि त्याच्या पुढे काय लिहिलंय ते कळवा.

मी मोबाईलवरून लिहितेय आणि कीबोर्ड मराठीच आहे, त्यामुळे कमांड उच्चाराप्रमाणे लिहिणार. तुम्ही अर्थातच इंग्रजीत टाका.

रात्रपाळी | बुधवार, दुपारी १:१५

उठलो आत्ताच. यादीत दोनच नावं आहेत, लो आणि ईएनपी३एस०. दुसऱ्याच्या खाली मॅक पत्ता (कार्डाचा स्वतःचा क्रमांक) आहे, तोही देतो:
[मॅक पत्ता संपादित]

कॉन्फिगमध्ये डाउनस्पीडच्या पुढे ईएनपी२एस० लिहिलंय. अपस्पीडच्या पुढेही तेच.

अरे! २ आणि ३!

टर्मिनल_ताई | बुधवार, दुपारी १:४०

सापडलं ना? (मॅक पत्ता काढून टाकायला मीच संपादकांना सांगितलं. चारचौघात टाकू नका, गरज नसते.)

आता संबंध काय ते. ईएनपी३एस० हे नाव हवेतून आलेलं नाही. ईएन म्हणजे इथरनेट, पी३ म्हणजे पीसीआयची ३ क्रमांकाची बस आणि एस० म्हणजे त्या बसवरचा ० क्रमांकाचा स्लॉट. थोडक्यात हे नाव म्हणजे कार्डाचा बोर्डावरचा पत्ता. मशीन चालू होताना बोर्ड बस मोजत जातं. तुमच्या त्या स्लॉटमध्ये आधी काही नव्हतं, आता कार्ड आलं. त्याला मधला एक क्रमांक मिळाला आणि नेटवर्क चिप एक घर पुढे सरकली. चिप तीच, केबल तीच, पत्ता तेवढा बदलला. ग्राफिक्स कार्ड नवीन घातल्यावरही हेच होतं.

नेट का चाललं? कारण ते नेटवर्कमॅनेजर सांभाळतो. वायरवालं कुठलंही कार्ड दिसलं की तो आपण होऊन कनेक्शन तयार करतो, नाव काय आहे याची फिकीर करत नाही. कॉन्की मात्र फाइलमध्ये लिहिलेलं नावच बघतो. त्या नावाचं काही अस्तित्वातच नसेल तरी तो भांडत नाही, गपचूप ० दाखवतो. मला विचाराल तर हा त्याचा दोषच आहे. 'असं कार्ड नाही' एवढं जरी म्हणाला असता तरी तुमची रात्र वाचली असती.

तात्पुरता उपाय: कॉन्फिगमध्ये जिथे जिथे २ आहे तिथे ३ करा आणि सेव्ह करा. आलेख लावला असेल तर त्या ओळीतही नाव असतं, ते विसरू नका.

रात्रपाळी | बुधवार, दुपारी २:०५

चालू झालं! आलेखाच्या ओळीतलं नाव राहिलंच असतं, बरं झालं सांगितलंत. ताई, मनापासून आभार.

सदाशिवपेठी | बुधवार, दुपारी ३:३०

पूर्वी कार्डाचं नाव सरळ इथ० असायचं. कोणाला त्रास होता का? नाही. मग २०१३ मध्ये सिस्टिमडीच्या (लिनक्स सुरू करणाऱ्या यंत्रणेच्या) १९७ व्या आवृत्तीत ही नवी नावं आणली, आणि त्यांना म्हणतात काय, तर 'प्रेडिक्टेबल'. धागाकर्त्याला विचारा किती प्रेडिक्ट करता आलं.

टर्मिनल_ताई | बुधवार, दुपारी ४:१०

सदाशिवपेठी, त्रास होता. एका मशीनमध्ये दोन कार्डं असली की कुठलं आधी सापडेल त्याला इथ० आणि दुसऱ्याला इथ१. रीबूट केल्यावर अदलाबदल झाली की घरचं नेट आणि सर्व्हरचं नेट उलटंपालटं. एकाच कार्डाच्या घरगुती मशीनला तो प्रश्न नव्हता, एवढं मान्य.

रात्रपाळी, कायमचा उपाय हवा असेल तर कार्डाला आपणच नाव द्यायचं. एटीसीखाली सिस्टिमडी, त्याखाली नेटवर्क, या फोल्डरमध्ये एक छोटी फाइल करायची. नाव १०-लॅन आणि शेवटी डॉट लिंक. आत दोन विभाग. मॅच विभागात कार्डाचा मॅक पत्ता, लिंक विभागात हवं ते नाव, उदाहरणार्थ लॅन०. इथ० हे नाव मात्र देऊ नका, कर्नल स्वतः सुरुवातीला तीच नावं वापरतो आणि मग दोघांची ओढाताण होते. फाइल केल्यावर इनिटरॅमएफएस (मशीन सुरू होताना आधी वाचली जाणारी फाइल) अपडेट करायची कमांड चालवा आणि रीबूट करा. पुढे कितीही कार्डं घाला, कॉन्कीत लॅन० कायम राहील.

सदाशिवपेठी | बुधवार, दुपारी ४:२५

म्हणजे फिरून इथ० च. फक्त 'इथ' च्या जागी 'लॅन'.

टर्मिनल_ताई | बुधवार, दुपारी ४:२६

भापो, भावना पोचल्या.

रात्रपाळी | बुधवार, रात्री ९:१०

लॅन० करून घेतलं, रीबूटनंतरही टिकलं.

आता मीटर चालू झालाच आहे तर एक जुनी शंका. माझा प्लॅन २०० एमबीपीएसचा आहे. मोठी फाइल उतरवतानाही कॉन्की ११.७ च्या वर कधी जात नाही. एसएसडीच्या आधीही असंच होतं. केबलवाल्याला विचारलं तर म्हणतो, 'आमच्याकडून २०० पूर्ण येतंय, तुमचा मीटर चुकीचा.' मीटर चुकीचा असू शकतो का?

बदलापूर_लोकल | बुधवार, रात्री ९:२०

तो दाखवतो बाइटमध्ये, प्लॅन असतो बिटमध्ये. ८ ने गुणा. नेहमीचा गोंधळ.

रात्रपाळी | बुधवार, रात्री ९:२८

तेवढं माहीत आहे हो. ११.७ ला ८ ने गुणलं तरी ९४ च्या आसपासच. २०० कुठे?

स्टुटगार्टकर | बुधवार, रात्री ११:००

११.७ हा आकडा वाचल्यावर राहवलं नाही. हा आकडा उगाच आलेला नाही, तो स्वतःच निदान आहे.

गणित करू. कॉन्की १०२४ च्या हिशेबाने एमबी दाखवतो. म्हणजे ११.७ गुणिले १०,४८,५७६ बाइट, गुणिले ८. उत्तर साधारण ९.८ कोटी बिट सेकंदाला, म्हणजे ९८ एमबीपीएस. तुमचे ९४ आले कारण १०२४ चा हिशेब राहिला. आता १०० एमबीपीएसच्या इथरनेटवर काय होतं बघा. प्रत्येक पूर्ण पॅकेटमध्ये १५०० बाइट माल, वर १४ बाइटचं हेडर. कार्डाचा काउंटर हे १५१४ मोजतो. पण तारेवर त्याशिवाय आणखी २४ बाइटांइतकी जागा जाते: आधीची ८ बाइटची सूचना, शेवटची ४ बाइटची तपासणी आणि १२ बाइटांइतकी सक्तीची विश्रांती. १५१४ भागिले १५३८, म्हणजे ९८.४ टक्के. तुमचा मीटर बरोबर त्या छतावर जाऊन टेकतोय.

ब्राउझरमधली स्पीड टेस्ट करून बघा. ती आतला माल तेवढाच मोजते, हेडर नाही. ९४ च्या आसपास येईल.

केबलवाला खरं बोलत असेल. मीटरही खरं बोलतोय. तुमचा संगणक आणि राउटर यांच्यातला दुवाच १०० वर अडकलाय. इथटूल, स्पेस, लॅन० अशी कमांड द्या आणि स्पीड या ओळीत काय येतं ते सांगा.

रात्रपाळी | बुधवार, रात्री ११:१२

स्पीड टेस्ट ९४.१. इथटूलमध्ये स्पीड १०० एमबी, डुप्लेक्स फुल.

हे बसल्या जागी स्टुटगार्टहून कसं काय कळतं?

स्टुटगार्टकर | बुधवार, रात्री ११:२०

भागाकार.

आता शक्यता दोन. एक, राउटरचं ते पोर्टच १०० चं असेल. स्वस्त फायबर डब्यांवर पुष्कळदा एक पोर्ट गिगाबिटचं आणि बाकीची १०० ची असतात, डब्याखालच्या स्टिकरवर किंवा पोर्टाशेजारी जीई (गिगाबिट) आणि एफई (१०० चं) असं लिहिलेलं असतं. दोन, केबल. १०० च्या इथरनेटला आठातल्या चारच तारा पुरतात, पिन १, २, ३ आणि ६. गिगाबिटला आठही लागतात. उरलेल्या चारांतली एक जरी तुटली असेल किंवा जॅकमध्ये नीट बसली नसेल तर दुवा १०० वर उतरून चालू राहतो. नेट बंद पडत नाही, म्हणून वर्षानुवर्षं कोणाच्या लक्षात येत नाही.

जॅक पारदर्शक असतो. टॉर्च मारून आतल्या तारा मोजा.

रात्रपाळी | गुरुवार, दुपारी १२:५०

राउटरच्या बाजूचा जॅक: आठ तारा.
संगणकाच्या बाजूचा जॅक: चार! नारिंगी आणि हिरवी जोडी तेवढी आत आहे, निळी आणि तपकिरी केबलच्या तोंडाशीच कापलेल्या. घर घेतलं तेव्हा इलेक्ट्रिशियनने भिंतीतून केबल ओढून दोन्हीकडे जॅक मारून दिले होते. चार मारायला कमी वेळ लागतो, दुसरं काय कारण असणार.

नाशिकचा_चिवडा | गुरुवार, दुपारी १:०५

कारण असतं कधी कधी. उरलेल्या जोड्यांवरून लँडलाइनचा फोन नेत असत, एकाच केबलमध्ये दोन्ही कामं. तुमच्याकडे तसं काही दिसत नाही, तो कंटाळाच दिसतोय.

रात्रपाळी | गुरुवार, संध्याकाळी ६:३०

क्रिंपिंगचं हत्यार शेजारच्या मुलाकडे मिळालं. भिंतीतून थोडी केबल ओढली, नवा जॅक, आठही तारा राउटरच्या बाजूच्याच क्रमाने. इथटूल: १०००. कॉन्की: २३ आणि २४ च्या मध्ये. २०० भागिले ८ म्हणजे २५, आणि १०२४ च्या हिशेबाने २३.८, बरोबर ना स्टुटगार्टकर?

केबलवाल्याला फोन करून सॉरी म्हणालो. तो म्हणाला, 'कुठलं घर?'

कोथरूड_डावीकडे | गुरुवार, रात्री ८:१५

धागा वाखू (वाचनखूण) म्हणून साठवला. माझी केस उलटी आहे. विंडोज ११, टास्कबारवर ट्रॅफिकमॉनिटर. ऑफिसचं काम करताना तो दुपटीहून थोडं जास्त दाखवतो. प्लॅन १०० चा आणि मीटरवर कधी कधी २१०. घरी नेटफ्लिक्स बघताना बरोबर दाखवतो.

टर्मिनल_ताई | गुरुवार, रात्री ८:४०

ऑफिसचं काम व्हीपीएनवरून करता का?

कोथरूड_डावीकडे | गुरुवार, रात्री ८:४४

हो, त्याशिवाय काही उघडतच नाही.

टर्मिनल_ताई | गुरुवार, रात्री ९:००

मग मीटर सगळ्या अडॅप्टरांची बेरीज करतोय. व्हीपीएन चालू केलं की विंडोजमध्ये एक आभासी नेटवर्क कार्ड तयार होतं. तुमची फाइल आधी खऱ्या कार्डातून कूटबद्ध होऊन येते, तिथे मोजली जाते. मग ती उलगडून आभासी कार्डातून आत येते, तिथे पुन्हा मोजली जाते. मुंबईहून पुण्याला येणारी एकच गाडी खालापूरच्या टोलनाक्यावर मोजली आणि तळेगावच्याही, आणि दोन्हींची बेरीज करून 'आज दोन गाड्या आल्या' म्हटलं, तसं झालं हे.

'दुपटीहून थोडं जास्त' हे तुम्ही नेमकं लिहिलंत. खऱ्या कार्डावर व्हीपीएनचं वेष्टनही मोजलं जातं, म्हणून तो आकडा नेहमी थोडा मोठा.

मीटरवर राइट क्लिक करा. नेटवर्क कनेक्शन निवडायच्या मेनूत 'सगळी निवडा' वर खूण असेल. ती काढून तुमच्या इथरनेटचं किंवा वायफायचं नाव निवडा. हायपर-व्ही किंवा डब्ल्यूएसएल (विंडोजच्या आत आभासी मशीन किंवा लिनक्स चालवायच्या सोयी) वापरत असाल तर त्यांचीही आभासी कार्डं यादीत दिसतील, त्यांच्या वाटेला जाऊ नका.

कोथरूड_डावीकडे | गुरुवार, रात्री ९:२२

खरंच 'सगळी निवडा' होतं. आता ९८-९९. धन्स!

आजोबा_दोन_पॉइंट_शून्य | गुरुवार, रात्री १०:१०

विंडोज ७ वर मी नेटस्पीडमॉनिटर वापरत असे. टास्कबारवर दोन ओळी, बस. पुढे विंडोज १० वर इन्स्टॉलर 'ही सिस्टिम चालत नाही' म्हणायचा, मग नातवाने कंपॅटिबिलिटी मोड लावून तो बसवला. आता नवीन मशीन विंडोज ११ चं आहे आणि कुठलीच युक्ती चालत नाही. काही मार्ग?

स्टुटगार्टकर | गुरुवार, रात्री १०:३०

आजोबा, नमस्कार. मार्ग नाही, आणि नातवाचा दोष नाही. ते साधन डेस्कबँड नावाच्या सोयीवर उभं होतं, टास्कबारच्या आत जागा मागायची सोय. विंडोज ११ मध्ये टास्कबार नव्याने लिहिला आणि ती सोयच काढून टाकली. वर आलेला ट्रॅफिकमॉनिटर वापरा. तो ११ च्या टास्कबारवर दिसतो, आणि फुकट आहे. त्यात बाइटऐवजी बिट दाखवायचीही सोय आहे, प्लॅनशी ताडून बघायला बरं पडतं.

एक सावधगिरी. खूप जुनी साधनं ३२ बिटांचा काउंटर वाचतात. तो ४,२९,४९,६७,२९६ बाइटला भरतो आणि परत शून्यावर येतो. जुन्या १-२ एमबीपीएसच्या काळात भरायला तास लागायचे. गिगाबिटवर पूर्ण वेगाने ३४ सेकंदांत भरतो. मग मीटरवर मधूनच उणे आकडा नाहीतर अचाट काहीतरी चमकून जातं. असं दिसलं तर नेटला हात लावू नका, साधन बदला.

पणजी_फेरी | शुक्रवार, सकाळी ९:४०

माझ्याकडे संगणकावर काहीही चालू नसताना सतत २-३ केबी दिसतं. कोणीतरी माझं नेट वापरतंय का?

बदलापूर_लोकल | शुक्रवार, सकाळी ९:५०

वायफायचा पासवर्ड बदला लगेच!

टर्मिनल_ताई | शुक्रवार, सकाळी १०:३०

थांबा, घाबरवू नका त्यांना. संगणकावरचा मीटर फक्त त्या संगणकात येणारं-जाणारं मोजतो. शेजारी तुमच्या राउटरवरून सिनेमे बघत असेल तर ते या मीटरवर दिसणारच नाहीत, त्यासाठी राउटरच्या पानावर जोडलेल्या उपकरणांची यादी बघावी लागेल.

२-३ केबी म्हणजे घरातली उपकरणं एकमेकांना हाका मारतात ते. प्रिंटर 'मी इथे आहे' सांगतो, टीव्ही तेच सांगतो, राउटर मधूनमधून विचारतो. शिवाय मेल, घड्याळ, अपडेटची चौकशी. खात्री हवी असेल तर लिनक्सवर नेटहॉग्ज सुडोसकट चालवा, कुठला प्रोग्रॅम किती ओढतोय ते नावानिशी दिसतं. विंडोजवर रिसोर्स मॉनिटर, त्यात नेटवर्कचा टॅब.

पणजी_फेरी | शुक्रवार, दुपारी १२:१५

नेटहॉग्जमध्ये ब्राउझर आणि एक क्लाउडवालं सिंक, बाकी काही नाही. देव बरें करूं. आणि महिन्याचा एकूण वापर बघायला काय वापरता? कंपनीच्या पोर्टलवर भलताच आकडा दिसतो.

स्टुटगार्टकर | शुक्रवार, दुपारी २:५०

व्हीएनस्टॅट. कर्नलचे काउंटर रीबूट केल्यावर शून्यावर येतात, हा ते अधूनमधून वाचून स्वतःच्या डेटाबेसमध्ये जमा करत राहतो. पॅकेट उघडून बघत नाही, त्यामुळे मशीनवर भार जवळपास नाही. पण पोर्टलच्या आकड्याशी तो जुळेल अशी अपेक्षा धरू नका. पोर्टलमध्ये घरातले फोन आणि टीव्ही असतात, ते व्हीएनस्टॅटला दिसत नाहीत. आणि संगणकावरून घरच्याच नासवर (नेटवर्कला जोडलेल्या साठवणीच्या डब्यावर) बॅकअप घेतला तर तो व्हीएनस्टॅटमध्ये येतो, पोर्टलमध्ये नाही. जुळवायचंच असेल तर राउटरवर मोजा.

नाशिकचा_चिवडा | शुक्रवार, संध्याकाळी ५:००

अवांतर: माझ्या डेस्कटॉपला यूएसबीचा वायफाय डोंगल आहे. पुढच्या पोर्टातून काढून मागे लावला तर त्याचंही नाव बदलून कॉन्की शून्य होणार का?

टर्मिनल_ताई | शुक्रवार, संध्याकाळी ५:३५

मिंट आणि उबंटूवर नाही होणार. यूएसबीच्या कार्डांना तिथे पत्त्याऐवजी मॅकवरून नाव देतात. तुमच्याकडे डब्ल्यूएलएक्स आणि पुढे बारा अक्षरांची माळ दिसत असेल. ती डोंगलबरोबर फिरते. डोंगल नवीन घेतलात तर मात्र कॉन्फिगमध्ये हात घालावा लागेल.

नाशिकचा_चिवडा | शुक्रवार, संध्याकाळी ५:४८

हो, तशीच माळ आहे. मागे लावला, आकडे चालू आहेत.

रात्रपाळी | शुक्रवार, संध्याकाळी ७:०५

शीर्षकात 'सुटला' जोडायला संपादकांना सांगितलंय. आणि ज्यांनी व्यनि (व्यक्तिगत निरोप) करून माझी कॉन्कीची कॉन्फिग मागितली आहे त्यांच्यासाठी: रविवारी टाकतो, पण त्यात लॅन० लिहिलंय. जशीच्या तशी चिकटवलीत तर तुमच्याकडे शून्यच दिसेल. आधी आयपी लिंक करून आपलं नाव बघा.